मुक्तिसंग्रामाच्या काळातली प्रेमकथा: पश्चात्ताप कुठे बसवायचा आणि सप्टेंबरचा मराठवाडा कसा टिपायचा

प्रश्न थोडक्यात असा. नव्वद मिनिटांची पटकथा तयार आहे. काळ १९४७-४८, जागा निजामाच्या हैदराबाद संस्थानातलं, उस्मानाबाद (आताच्या धाराशिव) जिल्ह्यातलं सरहद्दीजवळचं गाव. पटवाऱ्याचा मुलगा माधव सरहद्दीपलीकडे बार्शीकडच्या स्वातंत्र्यसैनिकांच्या कॅम्पात जातो, उर्दू शाळेच्या मास्तरांची सलमा गावातच राहते. तिचं पत्र त्याला उशिरा मिळतं. तो पोचतो तेव्हा तिचं घर रिकामं असतं. १९४८ ची गोष्ट १७ सप्टेंबरच्या झेंड्यावर संपते, पुढे म्हातारपणाची चौकट आहे. वाचणारे म्हणतात, वाईट वाटतं पण आत लागत नाही. काय बदलावं, आणि थोड्या पैशांत हे मराठवाड्यातच कसं चित्रित करावं?

दोष पत्रात आहे. पत्र उशिरा पोचणं हा अपघात. अपघाताचं दुःख होतं, पश्चात्ताप होत नाही. पश्चात्ताप व्हायला एक घटका अशी लागते, जेव्हा गोष्ट माणसाच्या हातात होती आणि त्यानं ती सोडली. तुमच्या पटकथेत माधवच्या हातात काहीच नाही. टपाल रेंगाळतं, नदी वाट अडवते, रझाकार (निजामाच्या बाजूचे सशस्त्र स्वयंसेवक) येतात. सगळं लढाईच करते, आणि म्हातारा माधव शेवटी कुणावर रुसलाय तेच कळत नाही. लढाईनं फक्त वेळ कमी करावा. निर्णय माणसानं करावा.

त्यासाठी कागदावर एक वाक्य लिहून बघा: ‘अमुक दिवशी, अमुक ठिकाणी माधव अमुक करू शकत होता, आणि अमुक कारणानं त्यानं ते केलं नाही.’ कारणाच्या जागी ‘भीती’ किंवा ‘परिस्थिती’ आलं तर अजून काम बाकी आहे. तिथं ‘ओसरीवर कॅम्पातले तिघं बसलेत आणि त्यांनी कालच त्याच्या गळ्यात हार घातलाय’ एवढं ठोस काही यायला हवं.

माझा सल्ला असा: पत्र वेळेवर पोचू द्या. माधव परतही वेळेवर येऊ द्या. हुकायची जागा १७ सप्टेंबरच्या पुढे न्या.

याला इतिहासाचा भक्कम आधार आहे. भारतीय लष्कर १३ सप्टेंबर १९४८ ला संस्थानात शिरलं, १७ ला निजामानं रेडिओवरून शरणागती जाहीर केली, १८ ला निजामाचे सेनापती जनरल एल इद्रूस यांनी भारतीय लष्कराच्या मेजर जनरल चौधरींपुढे रीतसर शस्त्रं ठेवली. बहुतेक पटकथा इथं झेंडा फडकवून थांबतात. पण त्यानंतरच्या दिवसांत खेड्यापाड्यांतल्या मुसलमान कुटुंबांवर सूड उगवला गेला. त्याच वर्षाच्या अखेरीस केंद्र सरकारनं पंडित सुंदरलाल यांच्या समितीला पाहणीसाठी पाठवलं. समितीचा अंदाज २७ ते ४० हजार मृत्यूंचा होता, आणि सर्वांत जास्त झळ बसलेल्या जिल्ह्यांत उस्मानाबाद आणि नांदेडची नावं होती. अहवाल कित्येक दशकं लोकांपुढे आला नाही. तुमच्या कामाची गोष्ट म्हणजे त्याच अहवालात शेजाऱ्यांनी जिवावर उदार होऊन मुसलमान कुटुंबांना वाचवल्याच्याही नोंदी आहेत. म्हणजे दार उघडणं शक्य होतं. काहींनी उघडलं होतं. माधवनं उघडलं नाही. एवढ्यानं पश्चात्तापाला जमीन मिळते.

यात एक तोल सांभाळावा लागतो. पहिल्या भागात रझाकारांची दहशत हातचं न राखता दाखवा. लोकांनी घरदार टाकून सोलापूर, नगर, वऱ्हाड गाठलं ते उगाच नाही. ती दाखवायला लाजलात तर दुसरा भाग प्रेक्षक ऐकूनच घेणार नाही. आणि सलमाच्या वडिलांना नुसता ‘चांगला मुसलमान’ करू नका, त्यांना मत द्या. ‘इमरोज’चे संपादक शोएबुल्ला खान यांनी भारतात विलीन व्हावं असं उघड लिहिलं आणि ऑगस्ट १९४८ मध्ये हैदराबादेत त्यांचा खून झाला. हे मास्तर तो पेपर मागवणारे असतील, तर त्यांना दोन्हीकडून धोका आहे हे एका प्रसंगात बसतं. भाषण लागत नाही.

आता पानांचा हिशोब. एक पान म्हणजे साधारण एक मिनिट धरलं तर गाव आणि ओळख ३० पानांत, कॅम्प १५, लष्कर येण्याचे पाच दिवस १२, त्यानंतरचे दिवस २५ आणि म्हातारपण फार तर ८. तुमच्या मसुद्यात कॅम्पालाच ३४ पानं गेली आहेत. बंदुका, करोडगिरी (जकात) नाक्यावरचे हल्ले, गुप्त बैठका लिहायला मजा येते, पण प्रत्येक हल्ल्यानं माधव मोठा होतो आणि सलमा लहान. नाक्यावरचा एकच हल्ला ठेवा. तोच त्याच्या नावलौकिकाचं कारण होऊ द्या, कारण पुढे तो नावलौकिकच त्याला दारामागे बसवणार आहे.

म्हातारपणाच्या चौकटीबद्दल. किल्लारीचा भूकंप, भिंत पडते, भिंतीतल्या धान्याच्या बळदातून पत्र निघतं, ही युक्ती मोहात पाडणारी आहे, पण टाळा. त्यानं पुन्हा योगायोगच गोष्ट चालवतो. त्यापेक्षा १७ सप्टेंबर १९९८ घ्या, पन्नासावं वर्ष. माधव सन्मान पेन्शन घेणारा स्वातंत्र्यसैनिक आहे, तहसीलच्या आवारात त्याला शाल-श्रीफळ देतात. सन्मान खोटा नाही, नाक्यावर तो खरंच गेला होता. ज्या आठवड्याचं त्याला कौतुक मिळतं त्याच आठवड्याची त्याला लाज वाटते, आणि हे तो कुणाला सांगू शकत नाही. त्याच्या आवाजातलं निवेदन अजिबात नको. तो बोलून मोकळा झाला की प्रेक्षकाला करायला काही उरत नाही.

पंचांग नीट बघा, इथं फुकटात बरंच मिळतं. १७ सप्टेंबर १९४८ ला अनंत चतुर्दशी होती. म्हणजे लष्कर आलं तेव्हा गावात गणपती बसलेले होते, महालक्ष्म्या नुकत्याच उठल्या होत्या, घराघरात फराळाचं शिल्लक होतं. आणि ते पाचही दिवस शुद्ध पक्षातले. १३ तारखेला चंद्र मध्यरात्र उलटून गेल्यावर मावळतो, १७ ला जवळजवळ रातभर आहे. ‘काळ्याकुट्ट अंधारात ती पळाली’ असं तुम्ही लिहिलंय ते चुकीचं तर आहेच, कमकुवतही आहे. चांदण्यात पळणारं माणूस दिसतं. दाराच्या फटीतून तोंड ओळखू येतं. म्हणजे माधवला ‘कोण होतं कळलंच नाही’ ही पळवाट राहत नाही.

तारखांचं आणखी एक. संस्थानी कागदांवर फसली साल, म्हणजे संस्थानचं महसुली वर्ष, असायचं. ऑक्टोबर १९४७ ते ऑक्टोबर १९४८ हे १३५७ फसली. शाळेच्या दाखल्यावर, पटवाऱ्याच्या दप्तरात, दरख्वास्तीवर हेच दिसलं पाहिजे. महिने आजुर, दय, बहमन असे. दोघं उर्दू शाळेत शिकलेली आहेत तेव्हा सलमाचं पत्र उर्दूतच असेल, आणि माधवच्या आईला ते वाचता येणार नाही. पत्र लपवायचा सगळा खटाटोप गळून पडतो. ते देवळीत उघडं पडलेलं असू शकतं. वडील पटवारी, त्यांना उर्दू येतं. त्यामुळे कोणत्या खोलीत कोण आहे यावरच प्रसंगात ताण तयार होतो.

नाण्यांकडे लक्ष द्या. संस्थानात हाली रुपया, त्यावर चारमिनार. सरहद्दीपलीकडे कलदार, म्हणजे ब्रिटिश हिंदुस्थानचा रुपया. सात हालीला सहा कलदार असा ढोबळ भाव. बार्शीला पोचलेला माधव हाली रुपया मोडायला जातो आणि दुकानदार तो परत सरकवतो, एवढ्यानं त्याचं परकेपण कळतं. जुनी नाणी छंदिष्टांकडे मिळतात. क्लोजअपला दोन खरी पुरतात, बाकी थैलीत वॉशर घाला, वाजतात तशीच.

पदनामं संस्थानचीच ठेवा: जिल्ह्याचा अव्वल तालुकदार, पोलिसांत अमीन. अंबाजोगाईला तेव्हा मोमिनाबाद म्हणत. माधव बाहेर शेरवानी आणि रुमी टोपी घालून वडिलांबरोबर कचेरीत गेला तर ते बरोबर आहे, निजामाच्या नोकरीतले हिंदूही तो पोशाख करत. तोच पुढे पांढरी टोपी घालतो तेव्हा वेगळं काही सांगावं लागत नाही.

बोलीबद्दल एवढंच, की पात्रांच्या तोंडी पुण्याची खेडवळ मराठी घालू नका. ‘काय करायलास’, ‘कव्हा आलास’, ‘जायलालो’ हे कानाला इथलं वाटतं. सलमाच्या घरात दखनी असेल, ‘नक्को’, ‘हौ’ असं, आणि गावात ती मराठी बोलेल. माधवशी ती कधी कुठली भाषा वापरते ते आधी ठरवून ठेवा. शेवटच्या रात्री दाराबाहेरून ती मराठीत हाक मारते. दखनीत नाही, कारण ऐकणारे आणखीही आहेत हे तिला माहीत आहे.

लोकेशनकडे वळू. लातूर-उस्मानाबादच्या ज्या पट्ट्यात गोष्ट घडते, तिथं जुनी माळवदाची, म्हणजे मातीच्या सपाट छताची, घरं शोधण्यात वेळ घालवू नका. ३० सप्टेंबर १९९३ च्या भूकंपात औसा, निलंगा, लोहारा, उमरगा भागातली दगड-मातीच्या जाड भिंतींची, वर मातीचा भार असलेली घरं कोसळली. पुनर्वसनातली गावं काँक्रीटची, सरळ रस्त्यांची आहेत. अंबाजोगाई, कंधार, पैठण, परभणीकडची जुनी गावं बघा. निवडताना तीन गोष्टी तपासा. ढाळज (दाराला लागूनची देवडी) शाबूत हवी आणि तिच्या दाराला मूळचा अडसर हवा. माळवदाला उजेडाचं साणं, म्हणजे छतातलं झरोक्यासारखं भोक, हवं. आणि ओसरीपासून दारापर्यंत निदान वीस फूट अंतर हवं. कमी असेल तर पुढचा महत्त्वाचा प्रसंग दोन पावलांत आटपतो.

भिंतीवर सिमेंटचा गिलावा असेल तर पांढरी माती, शेण आणि भुसा कालवून पातळ दोन हात द्या. सप्टेंबरच्या दमट हवेत वाळायला चार-पाच दिवस जातात. घाईनं जाड थर दिला की सिमेंटवरून पापुद्रे सुटतात आणि नेमके दिव्याच्या तिरप्या उजेडात दिसतात. विजेचे खांब आणि डिश शक्य तितके फ्रेमबाहेर ठेवा. काढावेच लागले तर ते शॉट स्थिर ठेवा, हलत्या कॅमेऱ्यातला खांब पुसायचा खर्च कितीतरी जास्त येतो. नळदुर्गचा किल्ला आणि बोरी नदी हवीच असेल, तर तिथला पूल लष्करानं पहिल्याच दिवशी घेतला होता, तेव्हा संदर्भ बरोबर बसतो. पण किल्ल्यात चित्रीकरणाला पुरातत्त्व खात्याची परवानगी लागते. एका दिवसाच्या कामासाठी ती धावपळ करावी का, याचा विचार करा. मला नाही वाटत.

सगळ्यात मोठी चूक ऋतूची होते. ‘जुना काळ’ म्हटलं की लोक एप्रिलमध्ये जाऊन धूळ आणि पिवळं गवत टिपतात, वर तपकिरी रंग चढवतात. ही गोष्ट भाद्रपदातली आहे. मराठवाडा हिरवा असतो, ओढे वाहतात, वाटा चिखलाच्या असतात. दुःखाची गोष्ट हिरव्यागार रानात घडते हेच तिचं बळ आहे, रंग मारून ते घालवू नका. बाहेरचं सगळं काम ५ ते ३० सप्टेंबरमध्ये उरका. १९९८ चे प्रसंगही सप्टेंबरचेच असल्यानं त्याच खेपेत होतात. पावसाचे दिवस धरून बाहेरची कामं दिवसाला अडीच-तीन पानांपेक्षा जास्त लावू नका, आणि रोज एक आतला प्रसंग तयार ठेवा. पाऊस आला की युनिट आत वळतं.

रान निवडताना पीक बघा. आज सप्टेंबरात जिकडेतिकडे सोयाबीन आहे. १९४८ मध्ये इथं सोयाबीन नव्हतं. तुम्हाला गावरान ज्वारी हवी, माणूस बुडेल एवढी उंच, नाहीतर तूर किंवा कापूस. हायब्रीड ज्वारी बुटकी असते, तिच्यात कुणी लपू शकत नाही. लपण्याचा प्रसंग असेल तर जूनमध्येच शेतकऱ्याशी बोलून अर्धा एकर गावरान पेरून घ्या, कलाविभागाच्या खर्चात ही सगळ्यात स्वस्त गोष्ट ठरते. वाटेच्या कडेचं पांढऱ्या फुलांचं गाजरगवतही काढून टाका. ते या देशात नजरेला आलं तेच १९५० च्या दशकात. सोयाबीन १९९८ च्या प्रसंगात मात्र मुद्दाम दाखवा, काळ बदलल्याची पाटी टाकावी लागणार नाही.

आगगाडी पटकथेतून काढा असं मी म्हणेन. मनमाड-सिकंदराबाद मार्ग तेव्हा मीटरगेज होता आणि लातूरची बार्शी लाइट रेल्वे नॅरोगेज. आज दोन्ही ब्रॉडगेज झाल्यात. संगणकावर केलेली गाडी थोड्या पैशांत खोटी दिसते. रात्री लांबून एक शिट्टी ऐकू आली तरी काम होतं.

उजेड. दिवसा घरात साण्यातून पडणारा एकच झोत हा मुख्य उजेड माना, बाकी खोली अंधारी राहू द्या. साण्यावर बाहेरून एक मोठा दिवा आणि वर पातळ कापड. ढग येऊन-जाऊन असतात तेव्हा खऱ्या सूर्यावर विसंबलात तर दोन टेक जुळत नाहीत. रात्री कंदील आणि चिमणी. कंदिलाच्या काचेमागे वातीच्या जागी छोटी एलईडी पट्टी, रंगतापमान १९०० ते २२०० केल्विन, आणि डिमरवर अगदी किंचित थरथर. थरथर जास्त झाली की सर्कस वाटते. २४ फ्रेमवर घेत असाल तर शटर १७२.८ अंश ठेवा, म्हणजे ५० हर्ट्झच्या विजेवरचे दिवे लुकलुकणार नाहीत. चांदण्यासाठी निळा रंग ओतू नका. कंदिलाचा उजेड पिवळा असला की थोडा गार पांढरा उजेडही डोळ्याला चांदण्यासारखा लागतो.

ध्वनीवर पैसे घाला, चित्रावर वाचतील. तुम्हाला रणगाडे परवडणार नाहीत आणि दाखवायची गरजही नाही. गावानं लष्कर आधी ऐकलं असेल: विमानाची घरघर, मग लांबून ट्रकांची रांग. शरणागतीची बातमी रेडिओवर येते तो प्रसंग पाटलाच्या वाड्यात घ्या. त्या काळचे काही व्हॉल्व्ह रेडिओ लावल्याबरोबर बोलत नसत, तापायला अर्धा मिनिट घ्यायचे; तसाच घ्या. त्या अर्ध्या मिनिटात वाड्यातल्या सगळ्यांचे चेहरे घेता येतात, तो कापू नका. प्रत्यक्ष ध्वनिमुद्रणात दोन अडचणी येतील. एक, रातकिडे आणि बेडूक, जे टेकटेकला बदलतात. प्रत्येक जागी कुणी न हलता दोन मिनिटांचा नुसता परिसराचा आवाज घेऊन ठेवा, जोडकामात तोच वाचवतो. दुसरी, आजच्या भाद्रपदातले गणपतीचे डीजे. विसर्जनाच्या आदल्या तीन रात्री संवादाचं काम लावूच नका.

आता दाराचा प्रसंग, साधारण ७२ व्या पानावर. शरणागतीनंतरचे दिवस, रात्र. ओसरीवर माधव, वडील आणि कॅम्पातले तिघं. जेवणं झालेली. बाहेर आधी लांब आरडाओरडा, मग पळणाऱ्या पावलांचा आवाज, मग दारावर थाप. ती त्याचं नाव घेते, एकदाच. ओसरीवर कुणी काही बोलत नाही. कुणी त्याला ‘उघडू नको’ म्हणत नाही, ही अट पाळा. कुणी अडवलं तर दोष अडवणाऱ्याचा होतो आणि आपण पुन्हा अपघाताशी येऊन पोचतो. माधव उठतो, ढाळजेपर्यंत जातो, अडसरावर हात ठेवतो. थाप दुसऱ्यांदा. तो मागे वळून ओसरीकडे बघतो. ते तिघं त्याच्याकडे बघत नाहीत, पान लावताहेत. तिसरी थाप नाही. पावलं निघून जातात.

कॅमेरा पूर्ण वेळ आत ठेवा. बाहेरून सलमाचा चेहरा दाखवायचा मोह होईल. दाखवलात तर प्रेक्षक तिच्यासाठी रडेल आणि माधवला विसरेल. एकच शॉट, नव्वद सेकंदांच्या आसपास, संगीत नाही. नटाला ‘घाबर’ असं सांगू नका. त्याला सांगा की उघडायचंच आहे, फक्त आधी मागे बघ. पहिल्या थापेपासून पावलं दूर जाईपर्यंत निदान चाळीस सेकंद जायला हवेत. कमी असतील तर ‘वेळच मिळाला नाही’ असं वाटतं, म्हणजे पुन्हा अपघात. दार खऱ्या सागवानाचंच हवं. प्लायच्या दारावर थाप पोकळ वाजते आणि नंतर कितीही आवाज बदलला तरी हाताचा धक्का आणि दाराची हालचाल जुळत नाही. बाहेरची नटी प्रत्यक्ष दारापलीकडे उभी करा, रेकॉर्ड केलेला आवाज लावून हा प्रसंग होत नाही.

त्यानंतर सलमाचं काय झालं हे पटकथेत सांगू नका. मसुद्यात तुम्ही तिला १९९८ मध्ये हैदराबादेत जिवंत दाखवून भेट घडवली आहे. ती आठ पानं काढा. ती भेटली, तिनं माफ केलं किंवा केलं नाही, काहीही झालं तरी हिशोब पुरा होतो. माधवच्या मनात तो पुरा झालेला नाही म्हणून तर चित्रपट आहे. त्या जागी सत्काराचाच प्रसंग थोडा वाढवा: सूत्रसंचालक नाक्यावरच्या हल्ल्याचं वर्णन वाढवून सांगतोय आणि माधव तारीख दुरुस्त करतो, बाकी काही नाही.

बैलगाडी ठेवणार असाल तर प्राणी कल्याण मंडळाची परवानगी चित्रीकरणाच्या आधीच घ्या, नंतर ना-हरकत दाखलाही लागतो. तो नसेल तर प्रमाणपत्राच्या वेळी ते शॉट काढावे लागतात. नकली बंदुका आणि रझाकारांचे खाकी पोशाख गावात नेण्याआधी पोलीस ठाण्याला लेखी कळवा, आणि गावच्या वडीलधाऱ्यांना, दोन्ही समाजांच्या, पटकथेतली नेमकी कोणती पानं तिथं चित्रित होणार ते बसून वाचून दाखवा. या विषयावर गावात अजून आठवणी आहेत. शेवटच्या दिवशी कळून काम बंद पडण्यापेक्षा पहिल्या दिवशी एक दुपार गेलेली बरी.